अश्लील कोण?

१९२९ च्या एप्रिल महिन्यात न्यूयॉर्कमधील ब्रुकलिनच्या न्यायालयात ५७ वर्षांची एक बाई आरोपी म्हणून उभी होती. तिचे नाव मेरी वेअर डेनेट. टपालाने अश्लील साहित्य पाठविल्याचा आरोप तिच्यावर होता. ते साहित्य म्हणजे एक छोटी पुस्तिका. ती तिने १९१५ मध्ये लिहिली होती, आणि लिहिली होती ती स्वतःच्या मुलांसाठी.

थोरला मुलगा तेव्हा चौदा वर्षांचा होता. त्या वयात मुलांना जे प्रश्न पडतात ते त्यालाही पडले. आईने बाजारात मिळणारी पुस्तके आणून चाळली. काही पुस्तके मुद्द्यावर येतच नव्हती, काही नुसती भीती घालत होती. खरे ते सरळपणे आणि मायेने सांगणारे एकही पुस्तक तिला सापडले नाही. मग तिने स्वतःच लिहून काढले. मैत्रिणींनी तो मजकूर आपापल्या मुलांसाठी मागून नेला. १९१८ साली एका वैद्यकीय मासिकाने तो छापला. पुढे २५ सेंट किमतीची पुस्तिका निघाली आणि आरोग्य खाती, चर्चच्या संस्था, तरुणांसाठी काम करणाऱ्या वायएमसीएसारख्या ख्रिस्ती संघटना ती मागवू लागल्या. १९२२ मध्ये टपाल खात्याने तिच्यावर बंदी घातली. डेनेटबाईंनी बंद लिफाफ्यातून ती पाठविणे चालूच ठेवले. शेवटी व्हर्जिनिया राज्यातून एका बाईच्या नावाने मागणीचे पत्र आले आणि पुस्तिका रवाना झाली. अशी कोणी बाई नव्हतीच. ते पत्र टपाल खात्याने रचलेला सापळा होता.

ज्युरीत बारा पुरुष बसले होते. पाऊण तासाच्या आत त्यांनी बाईंना दोषी ठरविले. ३०० डॉलर दंड झाला. दंड भरणार नाही, त्यापेक्षा तुरुंगात जाईन, असे बाईंनी सांगितले.

हा किस्सा आरंभीच सांगण्याला कारण आहे. आमच्या वाचक भगिनींच्या पत्रांत गेली काही वर्षे एक काळजी सारखी डोकावते. मुलांच्या हातात फोन आहे, फोनमध्ये सगळे जग आहे, आणि त्या जगात काय काय आहे हे मुलांना आधी कळते, अम्मी-अब्बांना नंतर. पत्राच्या शेवटी बहुधा एक वाक्य असते: हे सारे अमेरिकेतून आले, तिकडे काहीही चालते. कॉलेजात जाणारी आपलीच मुले याच्या नेमके उलटे सांगतात. तिकडे बोलण्याचे स्वातंत्र्य आहे, सरकार कोणाचे तोंड दाबत नाही, असे त्यांना वाटते. दोन्ही म्हणण्यांत सत्य अर्धेच आहे. अमेरिकेत अश्लीलतेविरुद्ध कायदा आहे आणि १८७३ पासून आजतागायत तो पूर्णपणे रद्द झालेला नाही. बोलण्याचे स्वातंत्र्यही तिथल्या घटनेत १७९१ पासून लिहिलेले आहे, पण पहिली सव्वाशे वर्षे न्यायालयांत त्याचा आधार क्वचितच कोणाला मिळाला. या दोन गोष्टींची झटापट मुलांच्या नावाने चालली, म्हणून ती आपल्या घरांत माहीत असावी असे आम्हाला वाटते. (त्या पुस्तकांतील मजकूर या लेखात नाही. घरात मोठ्याने वाचायला हरकत नाही.)

हजरत ईसांची बेअदबी आणि एक न्यायाधीश

भाषणाचे आणि छपाईचे स्वातंत्र्य कमी करणारा कायदा काँग्रेसने करू नये, असे घटनेच्या पहिल्या दुरुस्तीत म्हटले आहे. ही मनाई वॉशिंग्टनच्या काँग्रेसला होती. राज्यांना ती लागू आहे असे तेव्हा कोणी मानीत नव्हते. राज्ये जुन्या इंग्रजी रिवाजाप्रमाणे अश्लील चित्रे दाखविणाऱ्यांना आणि धर्माची निंदा करणाऱ्यांना शिक्षा करीत राहिली. त्या काळी या दोन गुन्ह्यांत फारसे अंतर मानले जात नव्हते.

१८११ मध्ये न्यूयॉर्क राज्याच्या वरिष्ठ न्यायालयापुढे रगल्स नावाच्या माणसाचे अपील आले. त्याने चारचौघांत हजरत ईसा आणि बीबी मरियम यांच्याविषयी अत्यंत घाणेरडे उद्गार काढले होते. त्याला तीन महिने कैद आणि ५०० डॉलर दंड झाला होता. न्यायाधीश जेम्स केंट यांनी ती शिक्षा कायम केली. असे उद्गार कोणाही मुसलमानाला असह्य वाटतील. तेव्हा इथवर वाचून कोणी म्हणेल, बरे झाले.

पण केंटसाहेबांनी निकालात आणखी एक गोष्ट लिहून ठेवली आहे. हजरत मुहम्मद (स.) यांच्या धर्मावर किंवा तिबेटच्या लामांच्या धर्मावर असाच हल्ला झाला, तर त्याला शिक्षा करण्यास आम्ही बांधलेले नाही, असे ते म्हणतात. कारणही देतात: आपण ख्रिस्ती लोक आहोत. कायदा अदब राखणार होता, पण ती बहुसंख्याकांची.

हा रिवाज मोडायला १९५२ साल उजाडले. एका इटालियन चित्रपटात धर्माची विटंबना आहे असे ठरवून न्यूयॉर्कने त्याचा परवाना काढून घेतला होता. कॅथलिक धर्मगुरूंनी त्याविरुद्ध मोठी चळवळ केली होती. सर्वोच्च न्यायालयाने एकमताने निकाल दिला की एखाद्या धर्माच्या मतांवरील खरे किंवा मानलेले हल्ले दडपणे हे सरकारचे काम नाही. चित्रपटाला भाषणस्वातंत्र्याचे संरक्षण मिळाले तेही याच निकालाने. त्याआधी, १९१५ पासून, चित्रपट हा निव्वळ धंदा धरला जात होता.

या निकालाचा फायदा पुढे कोणी कोणी घेतला हे आपल्याला ठाऊक आहे. आपल्या रसूलांची निंदा करणाऱ्याला अमेरिकेत कायदा हात लावत नाही, याचे दुःख प्रत्येक मुसलमान घराला आहे आणि ते खोटे नाही. मात्र तिथल्या मुसलमानाला १८११ चा कायदा परत हवा का, हे विचारायचे झाल्यास केंट यांचे ते वाक्य समोर ठेवून विचारावे लागेल.

कॉमस्टॉकसाहेबांची पेटी

आता अश्लीलतेकडे येऊ. अँथनी कॉमस्टॉक हा १८४४ मध्ये कनेटिकट राज्यात जन्मलेला माणूस यादवी युद्धात शिपाई होता. पुढे न्यूयॉर्कमध्ये कापडाच्या धंद्यात नोकरीला लागला. शहरात गलिच्छ चित्रे आणि पुस्तके उघड विकली जात होती, तरुण नोकरदार पोरे ती घेत होती. कॉमस्टॉकला याची मनापासून चीड होती. ती ढोंगी होती असे आम्हाला वाटत नाही. वायएमसीएच्या श्रीमंत पुढाऱ्यांनी त्याला पैसा पुरविला. १८७३ च्या आरंभी तो पुराव्यांनी भरलेली पेटी घेऊन वॉशिंग्टनला गेला आणि उपराष्ट्राध्यक्षांच्या दालनात ती चित्रे-पुस्तके मांडून खासदारांना दाखविली. अधिवेशन संपत आले होते. चर्चा जवळजवळ झालीच नाही. ३ मार्च १८७३ रोजी कायदा मंजूर झाला.

अश्लील वस्तू टपालाने पाठविणाऱ्याला दहा वर्षांपर्यंत सक्तमजुरी, असा तो कायदा होता. त्याच यादीत संततिनियमनाची साधने, गर्भपाताची औषधे आणि या दोन्हींची नुसती माहितीसुद्धा घातली होती. म्हणजे गल्लीतला गलिच्छ चित्रे विकणारा आणि बाळंतपणांनी खंगलेल्या बाईला पत्राने सल्ला देणारा डॉक्टर, दोघे एकाच कलमात आले. कॉमस्टॉकला टपाल खात्याचा खास अधिकारी नेमण्यात आले आणि १९१५ मध्ये मृत्यू येईपर्यंत तो त्या पदावर राहिला. आपण इतक्या लोकांना शिक्षा करविली की ६१ डब्यांची रेल्वेगाडी भरेल, असा त्याचा दावा होता. १६० टन साहित्य नष्ट केल्याचेही तो सांगे. त्याच्या कारवायांमुळे काही जणांनी आत्महत्या केल्या, त्यांची संख्यादेखील तो अभिमानाने सांगत असे. हे वाचताना अंगावर काटा येतो.

त्याच्या जाळ्यात आलेल्यांत डी. एम. बेनेट हा ६० वर्षांचा संपादक होता. त्याचे साप्ताहिक धर्मावर टीका करणारे होते आणि कॉमस्टॉकचा खरा राग त्यावर होता. खटला मात्र दुसऱ्याच कोणी लिहिलेली, विवाहसंस्थेवरील एक पुस्तिका विकल्याचा झाला. १८७९ मध्ये त्याला १३ महिन्यांची शिक्षा झाली.

बेनेटच्या खटल्यात न्यायालयाने एक माप वापरले, आणि ते माप इंग्लंडहून आले होते. १८६८ मध्ये वुल्व्हरहॅम्प्टन गावचा एक धातूंचा दलाल कॅथलिक पंथाविरुद्ध पत्रके विकत होता. कॅथलिक बायका पाद्र्यापुढे पापांची कबुली देतात तेव्हा त्यांना काय काय विचारले जाते, याचे चवीचवीने केलेले वर्णन त्यात होते. इंग्लंडात कॅथलिक अल्पसंख्याक होते, त्यामुळे अशा पत्रकांना गिऱ्हाईक भरपूर. सरन्यायाधीश कॉकबर्न यांनी ठरविले की लेखकाचा हेतू पाहू नये. ज्यांची मने अशा वाईट परिणामाला मोकळी आहेत आणि ज्यांच्या हाती हे साहित्य पडू शकते, त्यांना बिघडविण्याकडे त्याचा कल आहे का, एवढेच पाहावे. हीच ती प्रसिद्ध हिक्लिन कसोटी. सगळ्यांत कच्च्या मनाच्या वाचकाचे डोळे घ्या आणि त्या डोळ्यांनी सगळ्या देशाची पुस्तके तपासा, असा तिचा व्यवहारातला अर्थ झाला. पुस्तक पूर्ण वाचण्याचीही गरज नव्हती. बेनेटच्या ज्युरीपुढे खुणा केलेले उतारे तेवढे ठेवले होते.

हे माप आपल्याही देशात आले आणि फार दिवस राहिले. इस्मत चुगताई यांना त्यांच्या ‘लिहाफ’ या कथेसाठी १९४० च्या दशकात मुंबईहून लाहोरच्या न्यायालयात हेलपाटे घालावे लागले. त्या सुटल्या. १९६४ मध्ये मुंबईच्या एका पुस्तकविक्रेत्याने ‘लेडी चॅटर्लीज लव्हर’ ही कादंबरी विकल्याचा खटला दिल्लीला सर्वोच्च न्यायालयात पोहोचला. नागपूरला शिकलेले आणि नागपूरच्या उच्च न्यायालयाचे मुख्य न्यायाधीश राहिलेले मोहम्मद हिदायतुल्ला यांनी त्याचा निकाल लिहिला. त्यांनी हिक्लिन कसोटी टाकून दिली नाही, आणि विक्रेत्याची शिक्षा कायम राहिली. पाच वर्षांनी चंद्रकांत काकोडकर यांची ‘रंभा’ मासिकातील मराठी कथा त्याच न्यायालयात निर्दोष ठरली. भारताच्या सर्वोच्च न्यायालयाने हिक्लिन कसोटी स्पष्ट शब्दांत सोडली ती २०१४ मध्ये, आणि ती सोडताना अमेरिकेतील १९५७ च्या एका निकालाचा आधार घेतला. त्या निकालाकडे आता जायचे आहे, पण वाटेत डेनेटबाई आहेत.

डेनेटबाईंचे अपील १९३० मध्ये सुनावणीस आले. मॉरिस अर्न्स्ट हे त्यांचे वकील. न्यायाधीश ऑगस्टस हँड यांनी शिक्षा रद्द केली. मुलांना खरी माहिती गंभीरपणे आणि सभ्य भाषेत दिली, तर त्यातून कोणाच्या मनात विकार जागा होण्याचा थोडासा संभव असला तरी ती अश्लील होत नाही, असा त्यांच्या म्हणण्याचा आशय. गंमत अशी की वायएमसीएच्या पैशावर उभ्या राहिलेल्या कायद्याने पकडलेली ही पुस्तिका वायएमसीएच्याच शाखा मागवत होत्या.

तीन वर्षांनी अर्न्स्ट यांनीच जेम्स जॉइसच्या ‘युलिसिस’ या कादंबरीचा खटला चालविला. तिचे काही भाग छापल्याबद्दल एका मासिकाच्या दोन संपादिकांना १९२१ मध्ये दंड झाला होता. ६ डिसेंबर १९३३ रोजी न्यायाधीश वूल्सी यांनी कादंबरी मोकळी केली. पुस्तक संपूर्ण वाचले पाहिजे आणि ते सामान्य, प्रौढ वाचकाच्या दृष्टीने पाहिले पाहिजे, हे त्यांनी ठरविले. वाचणाऱ्याचे डोळे बदलले.

कपाट दोन खणांचे झाले

खरी उलथापालथ १९५७ मध्ये झाली. मिशिगन राज्यात मुलांना बिघडवील असे पुस्तक कोणालाच विकण्यास मनाई होती. डेट्रॉइटमध्ये बटलर नावाच्या माणसाने असे एक पुस्तक एका प्रौढ गृहस्थाला विकले. तो गृहस्थ पोलीस निघाला. सर्वोच्च न्यायालयाने एकमताने कायदा रद्द केला. मुलांना योग्य तेवढेच मोठ्यांनी वाचावे, असा हा कायदा आहे आणि तो मांसाचा एक तुकडा भाजण्यासाठी सगळे घर पेटवून देण्यासारखा आहे, अशा आशयाची उपमा न्यायमूर्ती फ्रँकफर्टर यांनी वापरली.

काही महिन्यांतच रॉथ खटल्याचा निकाल लागला. न्यायमूर्ती विल्यम ब्रेनन यांनी दोन गोष्टी एकदम सांगितल्या. अश्लीलतेला घटनेचे संरक्षण नाही. आणि अश्लील म्हणजे काय, तर आजच्या समाजाच्या मापाने सामान्य माणसाला ज्या कृतीचा मुख्य रोख, ती संपूर्ण घेतली असता, कामवासना चाळविण्याचा वाटेल ती. रॉथ तुरुंगात गेला, पाच वर्षांसाठी. पण त्याच्या निकालाने हिक्लिन कसोटी अमेरिकेतून गेली.

पुढची सोळा वर्षे न्यायमूर्ती मंडळी या व्याख्येशी झगडत बसली. तक्रार झालेले चित्रपट न्यायालयातच लावून पाहण्याची वेळ त्यांच्यावर येई. न्यायमूर्ती ब्लॅक जात नसत. त्यांच्या मते घटनेने कोणताही कायदा करू नये म्हटले आहे, म्हणजे कोणताही नाही, मग पाहायचे कशाला? १९६४ मध्ये ओहायोतील एका चित्रपटगृहाच्या व्यवस्थापकाचा खटला आला. न्यायमूर्ती पॉटर स्टुअर्ट यांनी कबूल केले की व्याख्या मला जमणार नाही, पण समोर आले की मी ओळखतो, आणि हा चित्रपट तसा नाही. वकील मंडळी आजही या वाक्यावर हसतात. आम्हाला त्यात प्रामाणिकपणा दिसतो. हया म्हणजे काय हे घरातल्या नानींना विचारले तर त्यांनाही व्याख्या सांगता येणार नाही, पण त्यांची नजर चुकत नाही. फरक इतकाच की नानींच्या नजरेवर कोणी तुरुंगात जात नाही.

तो निकाल २२ जून १९६४ चा. त्याच दिवशी त्याच न्यायालयाने आणखी एक छोटा निकाल दिला. इलिनॉय राज्यातील तुरुंगात थॉमस कूपर नावाचा एक मुसलमान कैदी होता. तो नेशन ऑफ इस्लाम या संघटनेचा होता. तिच्या काही श्रद्धा आपल्याला मान्य होण्यासारख्या नव्हत्या, पण तुरुंगाच्या दृष्टीने तो मुसलमानच. केवळ धर्मामुळे आपल्याला धार्मिक प्रकाशने विकत घेऊ देत नाहीत, ही त्याची तक्रार. खालच्या न्यायालयांनी ती ऐकूनच घेतली नव्हती. सर्वोच्च न्यायालयाने सांगितले, ऐकावी लागेल. अमेरिकेतील कैद्यांच्या धार्मिक हक्कांचा इतिहास सांगताना आजही या निकालापासून सुरुवात करतात.

मुलांचे काय, हा प्रश्न १९६८ मध्ये आला. न्यूयॉर्कजवळच्या एका छोट्या दुकानात १६ वर्षांच्या मुलाला दोन मासिके विकली गेली. त्या मुलाला त्याच्या आईनेच पाठविले होते, दुकानदारावर खटला व्हावा म्हणून. मासिके मोठ्यांच्या दृष्टीने अश्लील ठरत नव्हती. तरीही न्यायालयाने दुकानदाराची शिक्षा कायम केली. मोठ्यांसाठी एक माप, मुलांसाठी दुसरे, आणि आईबापांना आपल्या घरात मुले वाढविताना कायद्याची साथ मिळणे रास्त आहे, असे तिथे ठरले. तो निकालही ब्रेनन यांचाच.

त्यानंतरचे दोन निकाल आम्हाला या सगळ्या इतिहासात सर्वांत आवडतात. १९६९ मध्ये जॉर्जिया राज्यात पोलीस जुगाराचे पुरावे शोधायला एका माणसाच्या घरात शिरले आणि त्यांना खणात चित्रफिती सापडल्या. न्यायमूर्ती थर्गुड मार्शल यांनी लिहिले की माणूस आपल्या घरात एकटा बसून काय वाचतो, काय पाहतो, हे सांगण्याचा अधिकार सरकारला नाही. आणि १९७० मध्ये उलट्या बाजूने: घरी नको असलेली उत्तान जाहिरातपत्रके येतात, ती पाठविणाऱ्याला टपाल खात्यामार्फत कायमची बंद करण्याचा हक्क घरमालकाला असावा का? विक्रेत्यांनी भाषणस्वातंत्र्याचा दावा केला. न्यायालयाने एकमताने तो फेटाळला. कोणालाही आपले म्हणणे दुसऱ्याच्या घरात जबरदस्तीने घुसविण्याचा हक्क नाही, आणि काय नको हे घरमालकाने ठरवायचे, कारण विचारायचे नाही. सरकारने उंबरठा ओलांडायचा नाही, बाजारानेही नाही.

आज चालते ती व्याख्या अशाच एका न मागितलेल्या टपालातून निघाली. कॅलिफोर्नियातील एका उपाहारगृहाच्या व्यवस्थापकाने पाकीट फोडले तेव्हा त्याची आई शेजारी होती. आत पाच चित्रमय जाहिरातपत्रके होती. त्यांनी पोलिसांना बोलाविले. २१ जून १९७३ रोजी मिलर खटल्यात पाच विरुद्ध चार मतांनी ठरले की स्थानिक समाजाच्या मापाने ती कृती कामवासना चाळविणारी हवी, राज्याच्या कायद्याने नेमके सांगितलेले लैंगिक वर्तन तिच्यात किळसवाण्या रीतीने दाखविलेले हवे, आणि संपूर्ण कृतीला साहित्य, कला, राजकारण वा विज्ञान यांपैकी कोणतेही गंभीर मूल्य नसावे. तिन्ही असेल तरच अश्लील. सोळा वर्षांपूर्वी रॉथचा निकाल लिहिणारे ब्रेनन या वेळी विरोधात गेले. इतकी वर्षे प्रयत्न करूनही रेषा स्पष्ट काढता आली नाही, तेव्हा प्रौढांपुरता हा नाद सोडावा, मुलांना आणि नको असणाऱ्यांना वाचवावे, असे त्यांचे मत झाले होते. स्वतःचा निकाल चुकला असे लिहून ठेवणारे न्यायाधीश थोडे असतात.

लहान मुलांना वापरून केलेल्या चित्रणाला कोणतेही संरक्षण नाही, हे १९८२ मध्ये ठरले आणि त्यावर वाद नाही. वाद झाला तो इंडियानापोलिस शहरात. १९८४ मध्ये स्त्री-चळवळीतील काहींच्या पुढाकाराने तिथे असा नियम झाला की स्त्रियांना हीन, वस्तूसारखे दाखविणे हा स्त्रियांच्या समान हक्कांचा भंग धरावा. अपिलाच्या न्यायालयाने मान्य केले की अशा चित्रणाने स्त्रियांचे घरात आणि रस्त्यावर नुकसान होते. तरीही नियम रद्द केला, कारण त्यात एका विचाराला परवानगी आणि दुसऱ्याला बंदी होती. हा निकाल आमच्या गळी उतरत नाही. नुकसान मान्य करून भरपाईचा रस्ताच दाखवायचा नाही, हे कोणत्याही मुलीच्या बापाला पटणार नाही.

उंबरठा फोनमध्ये

दोन खणांचे कपाट दुकानात शोभते. इंटरनेटवर दुकानदारच नाही, गिऱ्हाईक सोळाचे की साठीचे हे पाहणार कोण? १९९६ मध्ये काँग्रेसने कायदा केला की १८ वर्षांखालील मुलांना असभ्य मजकूर जाणूनबुजून पोहोचविणाऱ्याला दोन वर्षांपर्यंत कैद. १९९७ च्या जूनमध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्यातील ही कलमे रद्द केली. न्यायमूर्ती स्टीव्हन्स यांनी दिलेले एक उदाहरण मुद्दाम सांगतो. कॉलेजच्या पहिल्या वर्षात शिकणाऱ्या १७ वर्षांच्या आपल्या मुलाला किंवा मुलीला संततिनियमनाची माहिती ईमेलने पाठविणारे आईबाप या कायद्याने तुरुंगात जाऊ शकतात. डेनेटबाईंचा खटला होऊन ६८ वर्षे झाली होती.

१९९८ चा दुसरा कायदा न्यायालयांच्या मनाईमुळे कधी अमलातच आला नाही. घरातल्या संगणकावर आईबापांनी चाळणी बसवावी, ती अधिक उपयोगी, असे २००४ मध्ये न्यायालयाचे म्हणणे पडले. तेव्हा संगणक बैठकीच्या खोलीत असे. नंतर तो खिशात आला, आणि ते म्हणणे पाहता पाहता जुने झाले.

टेक्सास राज्याने २०२३ मध्ये कायदा केला. ज्या संकेतस्थळाचा एकतृतीयांशाहून अधिक मजकूर मुलांना हानिकारक आहे, त्याने येणाऱ्या प्रत्येकाचे वय तपासावे. २७ जून २०२५ रोजी सर्वोच्च न्यायालयाने सहा विरुद्ध तीन मतांनी तो वैध ठरविला. न्यायमूर्ती टॉमस यांच्या मते मुलांना रोखण्याचा राज्याला हक्क आहे, तेव्हा वय विचारण्याचाही आहे. त्यात प्रौढांना होणारा त्रास दुय्यम. न्यायमूर्ती केगन यांचा विरोध मुलांना रोखण्याला नव्हता. प्रौढाला कायदेशीर हक्क बजावण्यासाठी आपली ओळख सांगावी लागत असेल, तर त्याहून कमी जाचक मार्ग नाही ना हे कडकपणे तपासा, एवढेच त्यांचे म्हणणे होते. ही मागणी आम्हाला वाजवी वाटते, आणि तरीही निकाल वाचून आम्हाला बरे वाटले. या दोन्ही भावना एकाच वेळी मनात आहेत, त्यांतली एक लपवून लिहिणे बरोबर झाले नसते.

कॉमस्टॉकचा कायदा अजून पुस्तकात आहे. संततिनियमनाचा उल्लेख काँग्रेसने १९७१ मध्ये त्यातून काढला, गर्भपाताचा तसाच राहिला, आणि २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने गर्भपाताचा हक्क काढून घेतल्यापासून टपालाने जाणाऱ्या गोळ्यांना तो लावावा असे म्हणणारे वकील पुन्हा पुढे आले आहेत.

डेनेटबाईंनी तो ३०० डॉलरचा दंड भरला नाही. शिक्षा रद्द झाल्यावर प्रश्नच उरला नाही. १९३० मध्ये त्यांनी आपल्या खटल्याची सगळी हकीकत पुस्तकरूपाने छापली. त्या पुस्तकाचे नाव एक प्रश्न आहे. तोच आम्ही या लेखाच्या माथ्यावर घेतला आहे.